भिंतीआधीची टपली

मी काठी बोलतेय. काठी म्हटलं की माणसांना दोनच गोष्टी आठवतात, म्हातारपण नाहीतर मार. मी त्या दोन्हींतली नाही. म्हणजे मारते मी, नाही असं नाही. थेट डोक्यात मारते, भर स्पर्धेत, शेकडो माणसांच्या डोळ्यांदेखत मारते, आणि जिला मारते ती त्यासाठी माझी वाट बघत असते. पण माझ्या टोकाला स्पंजाचा गोळा आहे. मुंगी मारायची म्हटली तरी माझ्याच्याने व्हायचं नाही.

आता माझं कूळ विचाराल तर ते काही मिरवण्यासारखं नाही. तरणतलावात पडलेली पानं, केस, किडे काढायला लांब दांड्याची जाळी असते ना, तिचा मी दांडा. ॲल्युमिनियमचा, आतून पोकळ, वजनाला हलका. जाळी फाटली आणि तलावावरच्या काकांनी मला पंपाच्या खोलीत नेऊन टाकलं. तिथे औषधाचे डबे होते, टक्कल पडलेला एक झाडू होता आणि दिवसभर घोरणारा पंप होता. मी तिथे कुजत पडले होते. कुजत म्हणायची आपली पद्धत. ॲल्युमिनियम कुजत नाही, नुसतं कंटाळतं.

माझं खरं आयुष्य सुरू झालं ते एका पोरीचा दात पडला म्हणून.

त्या पोरीला सगळे भिंगरी म्हणत. एका जागी बसणं तिला ठाऊकच नव्हतं. जन्मली तेव्हा तिला चांगलं दिसत होतं. मग डोळ्यांच्या पडद्याला काही आजार झाला, हळूहळू सगळं अंधुक होत गेलं, आणि शाळेत जायच्या वयाला तेवढाही उजेड उरला नाही. भिंगरीची धाव मात्र तशीच राहिली. त्यामुळे घरातल्या एकूण एक टेबलाचा कोपरा तिच्या कपाळाला ओळखत होता. आई पहाटेच बेकरीच्या गल्ल्यावर जायची. बाप शहरात बस चालवायचा, त्याची दुपारची पाळी. म्हणून सकाळी पोरीला सांभाळायचं काम बापाकडे, आणि तो बिचारा तिच्यामागे हात पसरून घरभर फिरायचा.

तलावावर शिकवणाऱ्या बाईंनी ही वरात एकदा रस्त्यावर बघितली. बाई स्वतः एके काळच्या नावाजलेल्या जलतरणपटू. गुडघे गेलेले, पण आवाज शाबूत. गळ्यात शिट्टी असायची ती केवळ शोभेला. त्या बापाला म्हणाल्या, "आणा तिला पाण्यात. तिथे टेबलं नाहीत, पायऱ्या नाहीत, कुणी वाटेत चपला काढून ठेवत नाही. धावू दे मेलीला मनसोक्त."

आणि खरंच, पाण्यात पोरगी वेगळीच झाली. जमिनीवर तिचे खांदे सारखे आखडलेले असायचे, कशावर आपटू कुणास ठाऊक म्हणून. पाण्यात ते सुटले. लेन आखणारी मण्यांची दोरी हाताला पुसटशी लागली की तिला कळायचं, आपण सरळ चाललोय. बाईंनी हात धरून हात शिकवले, पाय धरून पाय शिकवले. बाकीच्या मुलांना बघून शिकता येतं. हिने एकेक गोष्ट बाईंच्या दंडाला, कोपराला, मनगटाला चाचपून स्वतःच्या अंगात उतरवली. म्हणून तिचा हात इतका नेटका पडायचा की पाणी उडायचंच नाही.

एक दिवस तिने पहिल्यांदा जीव तोडून वेग घेतला. तलावाला भिंत असते हे त्या आनंदात ती विसरली. तोंडावर आपटली, पुढचा दात तुटला, पाण्यात रक्त पसरलं. बाप बाकावर बसला होता, त्याने गणवेशासकट, बुटांसकट उडी घेतली. त्याला पोहता येत नव्हतं. पाणी कमरेएवढं होतं म्हणून निभावलं, नाहीतर बाईंना त्यालाच काढावं लागलं असतं. त्याने पोरीला छातीशी धरलं तर ती रक्ताळलेल्या तोंडाने विचारते, "बाबा, मी पहिल्यांदा एवढी जोरात आले ना रे?"

बाप रडत होता.

त्याच दिवशी बाईंनी पंपाच्या खोलीत शोधाशोध केली आणि मला बाहेर ओढलं. न दिसणाऱ्यांच्या शर्यतीत एक रीत असते. दोन्ही टोकांना एकेक माणूस लांब काठी घेऊन उभा राहतो, आणि पोहणारा भिंतीजवळ आला की त्याच्या डोक्यावर किंवा पाठीवर हळूच टपली मारतो. टपली बसली की पोहणाऱ्याने ओळखायचं, आली भिंत. काकांनी करवत आणली आणि मला मधोमध कापलं. एकीच्या दोघी झालो. माझी जुळी वळायच्या टोकाला, बाईंच्या हातात गेली. मी शेवटच्या टोकाला, बापाच्या हातात आले. गोळे बापानेच केले. आगारात एका मोडक्या बसच्या सीटमधला स्पंज त्याने मागून आणला, गोल कातरला, त्यावर पोहण्याची जुनी टोपी ताणून दोऱ्याने करकचून बांधली. आधी स्वतःच्या डोक्यात मारून बघितलं. मग बाईंच्या डोक्यात मारून बघायला निघाला होता, पण बाईंनी नुसतं त्याच्याकडे पाहिलं, तसा तो थांबला.

"एक लक्षात ठेवा," बाईंनी त्याला बजावलं. "शर्यतीत टपली मारणाऱ्याने तोंडातून चकार शब्द काढायचा नाही. तुमचं जे काय बोलणं असेल ते हिच्या टोकातून."

तेव्हापासून बाप-लेकीचं बोलणं माझ्यातून जायला लागलं. मी घरीही गेले. दाराच्या मागे, छत्रीच्या शेजारी माझी जागा ठरली. बसमध्ये बापाच्या सीटमागे आडवी पडून मी शहर बघितलं. पानं काढणाऱ्या दांड्याचं एवढं नशीब उघडेल असं कुणाला वाटलं होतं!

पोरगी वाढली. सातवी-आठवीत गेली तोवर तिच्या वयाच्या डोळस मुलींना तिच्याबरोबर सरावाला उतरायला भीती वाटायची. पहाटेच्या गार पाण्यात बाकीच्या कुरकुरत, ही टोपी चढवून सरळ सूर मारायची. पाय मारायच्या फळीशी ती गप्पा मारते, असं काका सांगायचे. बाईंनी दमवायचं ठरवलं की ही आणखी मागायची. मी तिला वरून बघायचे. शर्यतीच्या नियमाप्रमाणे काळे केलेले गॉगल, घट्ट मिटलेले ओठ, आणि त्या पडलेल्या दाताच्या जागी बसवलेला नवा दात. तिला बघून माझ्यासारख्या पोकळ वस्तूचाही ऊर भरून यायचा.

पण एक गोष्ट कुणी बोलत नव्हतं. बाप टपली लवकर मारायचा.

त्याची काय चूक? हाडाचा ड्रायव्हर. आयुष्यभर ब्रेकवर पाय. पुढचा सिग्नल लाल व्हायचाय हे त्याला सिग्नलच्या आधी कळायचं. त्याच्या बसमध्ये उभ्या माणसाच्या हातातला चहा सांडत नसे अशी त्याची ख्याती, आणि ह्यांचा स्टॉप स्टॉपच्या आधीच येतो अशी प्रवाशांची थट्टा. त्यात तो दात, ते रक्त. दोरीवरचे मणी भिंतीजवळ लाल होतात. पोरीचं डोकं लाल मण्यांपाशी आलं रे आलं की माझं टोक खाली यायचं. एक हात आधी. फक्त एक हात.

शर्यतीत एक हात म्हणजे काय ते मी सांगते. टपली बसली की भिंगरी शेवटचा हात पुढे फेकायची, भिंत लागेल म्हणून. तिथे भिंत नसायची, पाणी असायचं. मग ती तशीच घसरत जायची, वेग मरायचा, पुन्हा अर्धा हात मारायचा, चाचपायचं, तेव्हा कुठे बोटं टेकायची. तेवढ्यात शेजारची पोहोचलेली असायची. माझी जुळी तिला वळणावरून पहिली पाठवायची आणि मी तिला दुसरी आणायचे. प्रत्येक वेळी हेच. जुळी मला बोलून दाखवायची नाही, पण परत येताना बसमध्ये आम्ही दोघी शेजारी शेजारी पडलेल्या असायचो, तेव्हा तिचं गप्प राहणं मला टोचायचं. मी तरी काय करणार? काठीला मत असतं, पण हात दुसऱ्याचा असतो.

भिंगरीला सगळं कळत होतं. पाण्यात काय घडतं ते तिच्याइतकं कुणाला कळणार? पण बापाने टॉवेल गुंडाळत विचारलं, "काय झालं गं शेवटी?" की ती म्हणायची, "दम गेला बाबा." मग बाई तिचा दम वाढवायला आणखी फेऱ्या द्यायच्या. खोटं बोलल्याची शिक्षा पोरगी रोज सकाळी निमूट पोहून भोगायची आणि त्याने खरंच आणखी दणकट व्हायची. दुसऱ्या नंबरची पदकं घरात एवढी झाली की आई म्हणाली, "ह्यांना एक मोठी बहीण मिळाली तर बरं होईल."

मग ती मोठी शर्यत जवळ आली. देशाच्या संघात तिच्या प्रकारात एकच जागा होती आणि ती पहिल्या येणारीला मिळणार होती. दुसरीला काही नाही, घरी जा. समोर दुसऱ्या क्लबची एक लांबलचक हातांची मुलगी होती. मागच्या वेळी तिनेच भिंगरीला नखभर मागे टाकलं होतं.

बाईंनी त्या मागच्या शर्यतीचं चित्रण मोबाईलवर पुन्हा पुन्हा पाहिलं आणि बापाला बोलावलं. पडदा त्याच्यासमोर धरला. त्यात मी स्पष्ट दिसत होते, लाल मण्यांच्या सुरुवातीलाच खाली येताना.

"पाहिलंत?" बाई म्हणाल्या. आवाज कधी नव्हे तो खाली होता. "पोरीचा दम जात नाही. तुम्ही तिला थांबवताय. मी खूप वर्षं डोळेझाक केली. पण या वेळी शेवटच्या टोकाला मी दुसरं माणूस उभं करणार."

बापाने मला भिंतीला टेकवून ठेवलं. "बरं," म्हणाला. एवढंच. त्या दिवशी बसमध्ये माझी जागा रिकामी होती. मी तलावावरच राहिले आणि मला जाळी फाटली त्या दिवसाहून वाईट वाटलं.

घरी काय झालं ते भिंगरीनेच नंतर हसत हसत सगळ्यांना सांगितलं. बाप जेवायला बसला आणि ताटाकडे बघत राहिला. आई म्हणाली, "बाई काही वावगं बोलल्या नाहीत हो. लग्नाच्या दिवशी हॉलचं कुलूप उघडायच्या आधी तुम्ही पायरीवर येऊन बसला होतात. तुमचा स्वभावच तसा."

"तिला लागेल म्हणून मी…"

"माहीत आहे. तिलाही माहीत आहे. म्हणून तर बोलत नाही ती."

दुसऱ्या दिवशी बाई यायच्या आधीच बाप-लेक तलावावर आले. भिंगरीने चाचपत मला शोधलं, उचललं आणि म्हणाली, "बाबा, तू उतर पाण्यात."

"मी?"

"तूच. आणि हे घाल." तिने स्वतःचे काळे गॉगल त्याच्या हातात दिले.

त्या उडीनंतर बाप लाजेखातर पोहायला शिकला होता. शिकला म्हणजे बुडत नव्हता. मान वर, हात वल्ह्यासारखे, पायांचा वेगळाच कारभार. त्यात डोळ्यांपुढे काळोख. तो दोरीला धडकत, फुरफुरत, देवाचं नाव घेत निघाला. भिंगरी काठावर मला धरून उभी राहिली. तिने मान जरा तिरकी केली होती. ती त्याला ऐकत होती. पाणी कुठे फुटतंय, किती जवळ आलंय, ते तिच्या कानांना लख्ख दिसत होतं. मी आजवर कितीतरी हातांत राहिले, पण इतका शांत हात मी पाहिला नाही.

आणि तिने टपली मारली. लवकर. मुद्दाम, अगदी त्याच्यासारखी, एक हात आधी.

बापाने हात पुढे फेकला. पाणी. दुसरा हात फेकला. पुन्हा पाणी. तो थांबला, उभं राहायला पाय खाली सोडले, गोल फिरला आणि दोन्ही हात हवेत हलवायला लागला. घाबरला होता तो, खरोखर घाबरला होता.

"भिंगरे, भिंत कुठे गेली?"

"मी रोज तेच विचारते, बाबा."

बापाने गॉगल वर केले. भिंत समोरच होती, आणखी एक हात मारला असता तर लागली असती.

"एवढंसंच तर अंतर होतं," तो पुटपुटला.

"तुला दिसतंय म्हणून एवढंसं. मला ते कितीही असू शकतं. भिंतीची भीती नाही रे वाटत मला. भिंत लागते आणि कळते. तू टपली मारतोस आणि पुढे काहीच नसतं ना, तेव्हा भीती वाटते."

बापाच्या चेहऱ्यावरून पाणी निथळत होतं. त्यातलं तलावाचं किती नि डोळ्यांचं किती हे मला सांगता यायचं नाही. तो इतकी वर्षं तिला भिंतीपासून वाचवत होता, आणि दर शर्यतीत स्वतःच्या हाताने तिला त्या पोकळीत सोडत होता. हे त्याला आत्ता कळलं.

"पुन्हा," भिंगरी म्हणाली. "मागे जा आणि पुन्हा ये."

तो गेला आणि आला. या वेळी तिने वेळेवर मारली. टपली बसली, हात पुढे गेला आणि तळवा भिंतीवर फाट्‌दिशी आपटला.

"लागली भिंत?"

"लागली."

"दुखलं?"

"जरासं."

"मेलास?"

बाप हसायला लागला. हसता हसता त्याच्या नाकात पाणी गेलं.

दारात बाई उभ्या होत्या. कधी आल्या होत्या कुणास ठाऊक. त्यांनी नाक पुसलं आणि नेहमीच्या आवाजात ओरडल्या, "ठीक आहे, काठी ह्यांच्याकडेच राहू दे! पण पुन्हा लवकर मारलीत तर मी तुमच्या डोक्यात मारेन, आणि तो स्पंज काढून मारेन."

मग सराव सुरू झाला, आणि या वेळी पोरीचा नाही, बापाचा. लाल मणी आले की त्याने थांबायचं. थांबायचं म्हणजे नुसतं थांबायचं. हे जगातलं किती अवघड काम आहे ते माझ्याइतकं कुणाला माहीत नाही, कारण त्याच्या हाताचा घाम माझ्या अंगावरून ओघळायचा. कधी पुन्हा लवकर व्हायचं, कधी घाबरून टपली कानावर बसायची. भिंगरी डोकं वर काढून एवढंच म्हणायची, "अजून." त्या दिवसांत त्याचे ब्रेकही उशिरा लागायला लागले आणि बसमधला चहा सांडला, अशी कंडक्टरची तक्रार होती.

शर्यतीच्या दिवशी तलाव अनोळखी, प्रेक्षक पुष्कळ. सुटायच्या आधी सगळे चिडीचूप होतात, कारण पोहणाऱ्या मुलींना सगळं कानानेच घ्यायचं असतं. आवाज झाला आणि भिंगरीने सूर मारला. मला लांबून फक्त तिचे हात दिसत होते. नेटके, न शिंपडता, एकामागून एक. माझ्या जुळीने तिला टपली दिली, तिने पाण्यातच कोलांटी घेतली आणि भिंतीला लाथ घालून ती परत निघाली. लांब हातांची ती मुलगी तिच्या खांद्याला खांदा लावून येत होती. कोण पुढे, कोण मागे, काही कळत नव्हतं.

लाल मणी आले. बापाने मला तिच्या डोक्यावर धरलं. मला वाटलं, आता मारतो. त्याने मारलं नाही. तिचं डोकं पुढे आलं. मला वाटलं, आता तरी. त्याने मारलं नाही. भिंत समोर दिसत होती, पोरगी सुसाट येत होती आणि खरं सांगते, माझाच धीर सुटला. उशीर झाला, आपटणार ही, असं मला वाटलं. तेव्हा त्याने मारली. तिचा हात त्या क्षणी पाण्याबाहेर होता आणि तो तसाच, सगळ्या ताकदीनिशी भिंतीवर गेला.

ती पोहोचली आणि डाव्या हाताने उजव्या हाताचं बोट घट्ट धरून उभी राहिली. फलकावर नावं लागायला वेळ लागतो. बाप गुडघ्यावर बसला, तोंड उघडलं आणि नियम आठवून पुन्हा मिटलं. तिचं मधलं बोट बघता बघता टम्म फुगलं होतं.

"बाबा," ती वर तोंड करून ओरडली, "लागलं! केवढं लागलं!"

आणि ती हसत होती. एवढी वर्षं मी तिला बघत होते, शर्यत संपल्यावर मी तिला असं हसताना कधी पाहिलं नव्हतं. तिला पुढे कुणी काही सांगायची गरजच नव्हती. फलकावर तिचं नाव पहिलं लागलं तेव्हा बाप ते वाचू शकला नाही, कारण त्याचे डोळे वाहत होते. शेवटी बाईंनीच मागून येऊन वाचून दाखवलं, आणि वाचताना त्यांचाही आवाज फाटला.

पुढची कीर्ती मी काय वर्णावी? ती संघात गेली. तिच्याबरोबर मी विमानात बसले. प्रत्येक विमानतळावर मला आडवं करून, उभं करून, आरपार बघून लोक विचारायचे की हे हत्यार कसलं आहे. बाप दरवेळी गंभीरपणे सांगायचा, "मुलीच्या डोक्यात मारायचं आहे," आणि मग भिंगरीला अर्धा तास खुलासा करावा लागायचा. ती जिंकली, हरली, पुन्हा जिंकली. एकदा फार मोठ्या अंतिम शर्यतीत वळताना तिची कोलांटी चुकली आणि हातातलं पदक गेलं. पत्रकारांनी विचारलं, टपली उशिरा बसली का? ती म्हणाली, "टपली बरोबर होती. मी चुकले." घरी येऊन तिने ती एक कोलांटी महिनाभर घोटली. खांदा दुखायला लागला तरी ती पोहली. कुणी कौतुक करताना "बिचारी" म्हणालं की मात्र तिचं डोकं फिरायचं. संघाने चकचकीत, घडीच्या काठ्या दिल्या. त्या चांगल्या होत्या, मी कशाला नाव ठेवू? पण बाप मुठीत मलाच धरायचा.

आता ती स्पर्धेत उतरत नाही. ज्या तलावावर दात पडला त्याच तलावावर शिकवते. बाई घरी असतात, गुडघ्यांनी अगदीच असहकार पुकारलाय, पण रोज फोन करून सूचना देतात. बाप निवृत्त झाला. त्याचा खांदा वर जात नाही, त्यामुळे मला धरणं सुटलं. तो बाकावर बसतो आणि लेकीला कोण कसं पोहतंय ते सांगतो, तिने विचारलेलं नसतानाही.

परवा क्लबचे अध्यक्ष आले होते. त्यांना दर्शनी दालनात काचेचं कपाट करायचंय. तिची पदकं, तिचे गॉगल आणि मी. खाली पितळी पाटी. भिंगरीने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "पदकं न्या खुशाल. काठी कामावर आहे." अध्यक्ष पुन्हा येणार आहेत म्हणे. त्यांना माझी हात जोडून विनंती आहे, म्हणजे हात असते तर जोडले असते. साहेब, मला काचेत घालू नका. मी पंपाच्या खोलीत कोरडी पडून राहिले आहे. मला तो अनुभव आहे. माझा स्पंज ओला असू द्या.

कारण माझ्याकडे एक नवी छोटी आली आहे. तिलाही दिसत नाही. तिच्या आईच्या हातात मी असते, आणि ती आई मला लवकर मारते. काल भिंगरीने बाकावरूनच पाण्याचा आवाज ऐकून सांगितलं, "लवकर, ताई. पोर रिकामी घसरतेय." आई रडकुंडीला आली. तिने भिंगरीच्या बाबांना विचारलं, "काका, तुम्हाला नाही का हो कधी भीती वाटली?"

"वाटायची की," म्हातारा म्हणाला. "अजून वाटते. ही नुसती जिना उतरते ना, तरी मी इथे बसून भितो. पण कसं आहे, पोहणं तिचं काम, भिणं आपलं. आपण आपलं काम करायचं, तिचं तिला करू द्यायचं."

आज सकाळी आई पुन्हा मला घेऊन काठावर उभी आहे. समोरून छोटी येतेय, पाणी उडवत, वाकडीतिकडी, पण जोरात. ती लाल मण्यांपाशी आली आहे. आईचा हात मला घेऊन खाली यायला निघालाय. पण थांबलाय.